कौन्सिलातून न्यायासनाकडे : काशिनाथ त्र्यंबक तेलंग

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस शिरपूर तालुक्यातल्या एखाद्या कुटुंबात तापीकाठच्या जमिनीच्या वाटणीवरून तंटा उभा राहिला, तर त्याचा शेवटचा निकाल दोन ठिकाणांवर अवलंबून असे. एक ठिकाण म्हणजे मुंबईचे उच्च न्यायालय. शिरपूर तेव्हा अखंड खानदेश जिल्ह्यात होते. जिल्ह्याचे मुख्य ठाणे धुळे आणि धुळ्याच्या वर मुंबई. दुसरे ठिकाण याहून दूरचे होते. ते म्हणजे संस्कृत धर्मनिबंध. गुजरातेत, मुंबई बेटावर आणि उत्तर कोकणात नीलकंठ भट्टांचा 'व्यवहारमयूख' श्रेष्ठ मानला जाई. महाराष्ट्राच्या इतर भागांत विज्ञानेश्वराची 'मिताक्षरा' आधी आणि मयूख नंतर. पुणे, अहमदनगर आणि खानदेश या तीन जिल्ह्यांत मात्र मयूखाला मिताक्षरेच्या जवळजवळ बरोबरीचे स्थान न्यायालयांनी दिले होते. म्हणजे खानदेशातल्या माणसाच्या हक्काचा निर्णय दोन ग्रंथांच्या मधल्या जागेत होई. दोन्ही ग्रंथ मूळ संस्कृतातून वाचू शकणारा न्यायाधीश त्या काळी क्वचितच भेटे.

काशिनाथ त्र्यंबक तेलंग हे असे न्यायाधीश होते. न्यायासनावर येण्यापूर्वी पाच वर्षे ते मुंबई इलाख्याच्या कायदे कौन्सिलात बसत होते. कायदा करणाऱ्या सभेतून कायद्याचा अर्थ लावणाऱ्या आसनावर गेलेल्या माणसाचे काय होते, तो काय बरोबर नेतो आणि काय दाराबाहेर ठेवतो, हा प्रश्न आपल्याकडे आजही अधूनमधून उसळून येतो. तेलंगांच्या चरित्रात तो आरंभीच्या रूपात सापडतो, म्हणून येथे त्याचा विचार करावा असे आम्हांस वाटते. साहित्याच्या अभ्यासकांना त्यात रस वाटावा याचे आणखी एक कारण आहे. तेलंग मुळात ग्रंथांचे वाचक होते आणि त्यांचे न्यायदान हाही त्यांच्या वाचनाचाच एक प्रकार होता.

तेलंगांचा जन्म ३० ऑगस्ट १८५० चा, मुंबईतल्या गौड सारस्वत घराण्यातला. एल्फिन्स्टनमध्ये त्यांचे शिक्षण झाले आणि १८७२ मध्ये त्यांना उच्च न्यायालयात अॅडव्होकेट म्हणून सनद मिळाली. वकिलीच्या पहिल्याच वर्षांत त्यांची विद्वत्ता लोकांसमोर आली. रामायणावर होमरच्या काव्याची छाया आहे असे प्रतिपादन आल्ब्रेख्ट वेबर या जर्मन पंडिताने केले होते. त्याला तेलंगांनी १८७३ मध्ये सविस्तर उत्तर दिले, तेव्हा ते अवघे तेवीस वर्षांचे होते. पुढे त्यांनी भर्तृहरीच्या शतकांची आणि विशाखदत्ताच्या 'मुद्राराक्षसा'ची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली. १८७५ मध्ये त्यांनी भगवद्गीतेचे इंग्रजी पद्य भाषांतर प्रसिद्ध केले आणि १८८२ मध्ये मॅक्स म्यूलर यांच्या 'सेक्रेड बुक्स ऑफ द ईस्ट' या मालेच्या आठव्या खंडासाठी गद्य भाषांतर. या खंडात गीतेबरोबर 'सनत्सुजातीय' आणि 'अनुगीता' हेही आहेत. मराठीत त्यांनी लेसिंगचे 'नाथान' हे जर्मन नाटक आणले. त्या नाटकाच्या मध्यभागी तीन अंगठ्यांची कथा आहे. खरी अंगठी कोणाची, असा वाद घेऊन तिघे भाऊ न्यायाधीशापुढे येतात. न्यायाधीश निकाल देत नाही. ज्याला आपली अंगठी खरी वाटते त्याने ती आपल्या वर्तनाने खरी करून दाखवावी, असे सांगून तो त्यांना परत पाठवतो. या कथेकडे आपण पुढे पुन्हा येऊ.

१८८४ मध्ये तेलंगांची मुंबई कौन्सिलावर नियुक्ती झाली. हे कौन्सिल म्हणजे आजचे विधिमंडळ नव्हे. १८६१ च्या कायद्यानुसार गव्हर्नर आपल्या कार्यकारी मंडळाखेरीज चार ते आठ जादा सभासद नेमी आणि त्यांतले निम्मे तरी बिनसरकारी असावेत अशी अट होती. निवडणूक नव्हती. सरकारला प्रश्न विचारण्याचा अधिकार नव्हता आणि अंदाजपत्रकावर बोलता येत नव्हते. पुढ्यात आलेल्या विधेयकावर बोलावे, समितीत बसून कलमांची भाषा दुरुस्त करावी, एवढेच सभासदाच्या हाती होते. प्रश्न विचारण्याची आणि अंदाजपत्रकावर चर्चा करण्याची मुभा १८९२ च्या कायद्याने आली. तेव्हा तेलंग कौन्सिल सोडून तीन वर्षे झाली होती.

या मर्यादेतही काम झाले. १८८८ चा मुंबई महानगरपालिका कायदा हा त्या कौन्सिलाचा सर्वांत टिकाऊ वारसा. त्याच्या घडणीत फिरोजशहा मेहता आणि तेलंग या दोघा बिनसरकारी सभासदांचा वाटा होता. मेहतांचा भर वादविवादावर, तेलंगांचा शब्दावर. कायद्याच्या कलमात एक शब्द इकडचा तिकडे झाला तर पन्नास वर्षांनी एखाद्या भाडेकरूचे किंवा करदात्याचे काय होईल, हे ओळखणारा माणूस समितीत असणे ही लहान गोष्ट नव्हे. हा कायदा अनेक दुरुस्त्यांसह आजही मुंबईच्या कारभाराचा पाया आहे.

कौन्सिलच्या दुबळेपणाची जाण तेलंगांएवढी फार थोड्यांना असेल, कारण ते आत बसून तो अनुभवत होते. डिसेंबर १८८५ मध्ये गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत काँग्रेसचे पहिले अधिवेशन भरले. कौन्सिलांचा विस्तार करावा, त्यांत निवडून आलेले सभासद असावेत, सभासदांना प्रश्न विचारता यावेत, अशी मागणी करणारा तिसरा ठराव तेलंगांनी मांडला. अनुमोदन दिले मद्रासच्या एस. सुब्रह्मण्य अय्यर यांनी. तेही मद्रास कौन्सिलचे सभासद होते. पुढे तेलंग मुंबईच्या आणि अय्यर मद्रासच्या उच्च न्यायालयात न्यायाधीश झाले. ज्या सभागृहाला बळ मिळावे म्हणून ठराव केला, ते सभागृह बळकट होण्यापूर्वीच ठरावाचे मांडणारे आणि अनुमोदक यांची वाट न्यायासनाकडे वळली. इंग्रज सरकारला कर्तबगार हिंदी माणसे हवी होती, पण प्रश्न विचारणारी नकोत. न्यायालयात असा माणूस सरकारलाही सोयीचा आणि त्यालाही सन्मानाचा. हा योगायोग नव्हता, ती त्या व्यवस्थेची रीतच होती असे आम्हांस वाटते.

मुंबईपुरते पाहिले तरी ही रीत दिसते. बद्रुद्दीन तय्यबजी १८८२ मध्ये कौन्सिलावर आले, १८८७ मध्ये काँग्रेसचे अध्यक्ष झाले आणि १८९५ मध्ये न्यायाधीश. महादेव गोविंद रानडे १८८५ मध्ये कौन्सिलावर आले आणि १८९३ मध्ये तेलंगांच्या जागी उच्च न्यायालयात गेले. नारायण गणेश चंदावरकर १९०० च्या लाहोर काँग्रेसचे अध्यक्ष होते आणि १९०१ मध्ये न्यायाधीश झाले. याउलट व्यवहारमयूखाचे इंग्रजी भाषांतर करणारे विश्वनाथ नारायण मंडलिक मुंबईच्या आणि नंतर व्हाइसरॉयच्या कौन्सिलावर बसले, पण न्यायाधीश झाले नाहीत. म्हणजे दार सर्वांना उघडत नव्हते. उघडले तर मात्र बहुतेक आत गेले.

तेलंगांसाठी ते १८८९ मध्ये उघडले. मुंबई उच्च न्यायालयाचे पहिले हिंदी न्यायाधीश नानाभाई हरिदास त्या वर्षी निवर्तले आणि त्यांच्या जागी तेलंगांची नेमणूक झाली. आदल्या वर्षीच्या अलाहाबाद काँग्रेसमध्ये ते बोलले होते. १८८९ च्या डिसेंबरात काँग्रेस पुन्हा मुंबईत भरली, ब्रिटिश पार्लमेंटातले चार्ल्स ब्रॅडलॉ तिला उपस्थित राहिले आणि विषय होता कौन्सिलांच्या सुधारणेचाच. चार वर्षांपूर्वी तो ठराव मांडणारा माणूस आता न्यायमूर्ती होता.

मग न्यायासनावर तेलंगांनी काय केले? त्यांच्या निकालांपैकी एक येथे मुद्दाम पाहू, कारण खानदेशासारख्या शेतकरी मुलखाशी त्याचा थेट संबंध आहे. आपाजी नरहर कुलकर्णी विरुद्ध रामचंद्र रावजी कुलकर्णी हे प्रकरण 'इंडियन लॉ रिपोर्ट्स'च्या मुंबई मालिकेच्या १६ व्या खंडात छापलेले आहे. प्रश्न असा : बाप आपल्या वडिलांशी किंवा भावांशी एकत्र राहत असताना, बापाची संमती नसतानाही मुलगा वडिलोपार्जित मिळकतीत आपली वाटणी मागू शकतो का? पूर्णपीठाच्या बहुमताने उत्तर दिले की नाही. तेलंगांनी भिन्नमत नोंदवले : मागू शकतो.

या मतामागची भूमिका समजून घेण्यासारखी आहे. मिताक्षरेचा पाया म्हणजे जन्मस्वत्वाचे तत्त्व : मुलाला वडिलोपार्जित मिळकतीत हक्क मिळतो तो बापाच्या मृत्यूने नव्हे, स्वतःच्या जन्माने. जन्मानेच हक्क येत असेल, तर तो वापरायला बापाच्या होकाराची गरज का असावी? बहुमताचा कल चालत आलेल्या कुटुंबव्यवस्थेकडे होता. आजोबा, काका, बाप आणि मुलगा यांच्या एकत्र घरात नातवाने वाटणी मागावी हे त्या व्यवस्थेला पेलणारे नव्हते. तेलंगांनी ग्रंथाचे तत्त्व शेवटपर्यंत नेले. 'मुद्राराक्षसा'चे पाठ जुळवताना जी सवय त्यांना लागली, शब्दाचा अर्थ संदर्भातून काढायचा, सोयीतून नाही, तीच येथे दिसते. मद्रास आणि अलाहाबाद येथील उच्च न्यायालयांनी मुलाच्या बाजूचाच अर्थ स्वीकारला. मुंबईत मात्र बहुमत हाच कायदा ठरला आणि शिरपूरच्या नातवासाठी तेलंगांचे मत छापील पानावरच राहिले.

मयूख आणि मिताक्षरा यांच्या संबंधावरही त्यांनी विचार मांडला. स्त्रीधनाच्या वारशाच्या खटल्यांत हे दोन ग्रंथ वेगवेगळ्या दिशांना जातात. असे ग्रंथ वाचताना, जेथवर वाजवी असेल तेथवर ते एकमेकांशी जुळतील असा अर्थ लावावा, हे सूत्र त्यांनी गोजाबाई विरुद्ध शहाजीराव भोसले या खटल्यात घालून दिले. दोन्ही ग्रंथांना मान असलेल्या खानदेशाला हे सूत्र विशेष उपयोगाचे होते. पण त्याची दुसरी बाजूही आहे. मयूखाच्या आधाराने मणिलाल रेवादत्त विरुद्ध बाई रेवा या खटल्यात तेलंगांनी दिलेल्या निकालानुसार, पारिभाषिक नसलेल्या स्त्रीधनाच्या वारशात मुलीच्या आधी मुलगा आला. ग्रंथ जिकडे नेतो तिकडे जायचे ठरवले की तो कधी नातवाला बळ देतो आणि कधी मुलीला मागे सारतो. न्यायाधीश तेलंगांनी दोन्ही स्वीकारले. कौन्सिलात असते तर कदाचित कायदा बदला म्हणाले असते. आसनावरून त्यांना अर्थच लावता येत होता.

या ठिकाणी त्यांच्या आयुष्यातला सर्वांत अवघड भाग येतो. १८८४ ते १८८८ या काळात गाजलेल्या रखमाबाईंच्या खटल्यात तेलंग रखमाबाईंच्या बाजूच्या वकिलांपैकी होते. अजाण वयात लागलेल्या लग्नाच्या जोरावर एका सुशिक्षित स्त्रीला नवऱ्याच्या घरी पाठवता येते का, असा तो खटला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्हे यांनी तिच्या बाजूने निकाल दिला, अपिलात तो फिरला, आणि १८८७ मध्ये नवऱ्याकडे जा नाहीतर सहा महिने तुरुंगात जा, असा हुकूम झाला. याच सुमारास, १८८६ मध्ये, सामाजिक सुधारणा राजकीय सुधारणेच्या आधी व्हायलाच हवी का, या विषयावर तेलंगांनी व्याख्यान दिले. जेथे विरोध कमी तेथून पुढे सरकावे, असा त्यांचा सल्ला होता. सामाजिक विषयांतल्या तडजोडीवर त्यांनी मराठीतही लिहिले. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याला त्यांचा पाठिंबा होता. आणि १८९३ मध्ये त्यांनी आपल्या आठ वर्षांच्या मुलीचे लग्न लावून दिले.

सुधारकांना याचा मोठा धक्का बसला. घरातल्या वडीलधाऱ्यांचा दबाव, आजारपण, अशी कारणे तेव्हाही पुढे आली आणि नंतरही येत राहिली. आम्ही त्यांची वकिली करू इच्छीत नाही आणि त्यांच्यावर खटलाही भरू इच्छीत नाही. पण एक गोष्ट नजरेआड करता येत नाही. तडजोडीचे तत्त्व सार्वजनिक जीवनात शहाणपणाचे असते, कारण तेथे तडजोडीची किंमत पुढच्या विधेयकात वसूल करता येते. घरात ती किंमत एक मूल देते आणि ती परत मिळत नाही. लेसिंगच्या न्यायाधीशाने भावांना सांगितले होते की अंगठी वर्तनाने खरी करा. त्या कसोटीवर तेलंगांचे भिन्नमत टिकते. हा विवाह टिकत नाही. १ सप्टेंबर १८९३ रोजी, वयाच्या त्रेचाळिसाव्या वर्षी ते गेले. मुंबई विद्यापीठाचे पहिले हिंदी कुलगुरू होण्याचा मान त्यांना आदल्याच वर्षी मिळाला होता. बखरींवरून मराठ्यांच्या समाजजीवनाचा शोध घेणारा त्यांचा निबंध रानड्यांच्या 'राइज ऑफ द मराठा पॉवर' (१९००) या ग्रंथाला जोडून छापला गेला.

तेलंगांनंतरची दोन उदाहरणे हा प्रश्न आणखी स्पष्ट करतात. पहिले १८९७ चे. त्या वर्षी राजद्रोहाच्या आरोपावरून टिळकांना अटक झाली तेव्हा ते स्वतः मुंबई कौन्सिलचे निवडून आलेले सभासद होते. त्यांचा जामिनाचा अर्ज प्रथम पार्सन्स आणि रानडे यांच्यापुढे आला आणि नामंजूर झाला. नंतर तय्यबजींपुढे आला आणि मंजूर झाला. रानडे आणि तय्यबजी दोघेही माजी सभासद, दोघेही राष्ट्रीय चळवळीच्या पहिल्या पिढीतले. रानड्यांना तर सरकारी संशयाचा अनुभव खानदेशातच आला होता. वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडानंतर १८७९ मध्ये त्यांना तातडीने धुळ्याला पाठवण्यात आले आणि तेथे त्यांची टपाले फोडून पाहिली जात, ही हकीकत रमाबाई रानड्यांनी आपल्या आठवणींत नोंदवली आहे. सारख्या वाटेने आलेल्या दोन न्यायाधीशांनी एकाच आरोपीबाबत वेगवेगळे निर्णय दिले. यावरून एवढे तरी दिसते की राजकीय भूतकाळावरून निकाल ओळखता येत नाही.

दुसरे उदाहरण चंदावरकरांचे. 'लघु अभिनव भारत माला' या कवितांच्या पुस्तिकेवरून बाबाराव सावरकरांना जन्मठेप काळे पाणी झाले. १९०९ मध्ये त्यांचे अपील चंदावरकर आणि हीटन यांच्यापुढे आले आणि फेटाळले गेले. खटल्याचा गाभा वाङ्मयीन होता. कवितांत पुराणातले आणि इतिहासातले संदर्भ होते. त्यांचा रोख इंग्रजी राज्याकडे आहे की नाही, हे ठरवायचे होते. मराठी जाणणारा, कविता वाचू शकणारा न्यायाधीश येथे आरोपीच्या उपयोगी पडला नाही. त्याने रूपक ओळखले आणि ओळखले म्हणूनच शिक्षा कायम केली. डिसेंबर १९१० मध्ये विनायक दामोदर सावरकरांना जन्मठेप देणाऱ्या तिघा न्यायाधीशांतही चंदावरकर होते. पुढे १९२१ मध्ये ते मुंबई कौन्सिलचे पहिले बिनसरकारी अध्यक्ष झाले, म्हणजे वाट पुन्हा सभागृहाकडे वळली. वाचनाची शक्ती न्यायाला आपोआप उदार करीत नाही, हा या प्रकरणातला धडा साहित्याच्या शिक्षकांनी विसरू नये.

स्वातंत्र्यानंतर ही वाट अरुंद झाली, बंद झाली नाही. राज्यघटनेच्या २१७ व्या कलमात उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशाची पात्रता सांगितली आहे. राजकारणात होता म्हणून अपात्र, असे त्यात कोठेही नाही. व्ही. आर. कृष्ण अय्यर १९५२ मध्ये मद्रास विधानसभेत आणि १९५७ मध्ये केरळ विधानसभेत निवडून आले, नंबुद्रीपादांच्या मंत्रिमंडळात मंत्री झाले, १९६८ मध्ये केरळ उच्च न्यायालयात आणि १९७३ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेले. २४ जून १९७५ रोजी इंदिरा गांधींच्या अर्जावर त्यांनी सरसकट स्थगिती नाकारली आणि सशर्त दिली. दुसऱ्या टोकाला बहरुल इस्लाम : राज्यसभेतून गुवाहाटी उच्च न्यायालयात, तेथून १९८० मध्ये सर्वोच्च न्यायालयात आणि १९८३ मध्ये राजीनामा देऊन पुन्हा राज्यसभेत. दोघेही न्यायासनावर आले ते राजकारणातून; फरक पडला तो पुढच्या वाटेत. न्यायाधीश कोठून आला यापेक्षा तो नंतर कोठे जायला उत्सुक आहे, हे विचारणे अधिक उपयोगाचे असते.

तेलंगांच्या बाबतीत त्या प्रश्नाचे उत्तर सोपे आहे. त्यांना कोठेच जायचे नव्हते. जायला वेळही मिळाला नाही. चार वर्षांत त्यांनी मागे ठेवले ते काही निकाल, एक भिन्नमत आणि दोन ग्रंथांत मेळ घालण्याचे एक सूत्र. त्यांच्या गीतेच्या भाषांतराविषयी साहित्याच्या वर्गात थोडे तरी बोलले जाते. ते निकाल मात्र कायद्याच्या कपाटात पडून आहेत. आमची सूचना इतकीच की ती दोन कपाटे शेजारी ठेवून एकदा वाचावीत. १९३२ मध्ये विनोबांनी धुळ्याच्या तुरुंगात गीतेवर प्रवचने दिली आणि साने गुरुजींनी ती लिहून घेतली, याचा अभिमान खानदेशाला आहे आणि तो योग्यच आहे. त्याच्या पन्नास वर्षे आधी गीता इंग्रजीत नेणारा एक माणूस पुढे न्यायासनावरून याच खानदेशात मानल्या जाणाऱ्या ग्रंथांचा अर्थ लावीत होता. एका बाजूला कायद्याने कैद केलेला वाचक, दुसऱ्या बाजूला कायदा सांगणारा वाचक. गीता दोघांचीही होती. त्या दोघांना एकत्र वाचल्याशिवाय आपल्या आधुनिक काळाचा हिशोब पुरा होणार नाही.